टिपऱ्यांचं घर आणि आपली घरं

मागच्या खेपेला आपण शेळ्यांच्या लसीवर बोललो. आज टीव्हीवरच्या एका मालिकेवर बोलणार आहोत. कुणी म्हणेल, रेडिओवर टीव्हीचं काय काम? ऐका तर खरं.

आमची बैठक संध्याकाळी सातला बसते आणि साडेसात झाले की निम्म्या जणींची चुळबुळ सुरू होते. मालिका लागायची वेळ! आम्हीही बघतो, लपवायचं काय त्यात. त्या मालिकांतल्या बाया झोपतानासुद्धा दागिने घालतात, एकीच्या दुधात दुसरी काहीतरी कालवते, मेलेला नवरा चार महिन्यांनी दुसऱ्याच तोंडानं परत येतो. एकदा सहज प्रश्न निघाला, की बायांनो, आपल्यासारखं घर टीव्हीवर कधी बघितलं का? बराच वेळ कुणी काही बोललं नाही. मग आमच्यातली सगळ्यात मोठी, साठीत सही करायला शिकलेली आजी म्हणाली, "ते टिपरे होते की. म्हातारा रोज वही लिहायचा बघा."

तर ती मालिका म्हणजे 'श्रीयुत गंगाधर टिपरे'. २००१ साली अल्फा मराठीवर सुरू झाली. त्याच वाहिनीला पुढं झी मराठी म्हणू लागले. केदार शिंदे यांनी दिग्दर्शन केलं होतं. आबा टिपऱ्यांचं काम दिलीप प्रभावळकरांनी केलं, आणि मालिका त्यांच्याच 'अनुदिनी' या लेखनावरून घेतलेली होती. तेव्हा आपल्याकडं किती गावांत केबल होती? आमच्यातल्या काही जणींनी ती माहेरी तालुक्याच्या गावाला बघितली, काहींनी पुढं मोबाइलवर. नव्या सुनांना नाव सांगून कळेना, तेव्हा एकीनं सांगितलं, 'झपाटलेला' सिनेमातला तात्या विंचू, तोच माणूस. मग सगळ्या एकदम म्हणाल्या, अगं बाई, तो? आणि आबा झाले तेव्हा प्रभावळकर साठीचेसुद्धा नव्हते.

त्या घरात माणसं पाच. आबा, त्यांचा मुलगा शेखर, सून श्यामल, नातू शिऱ्या आणि नात शलाका. राजन भिसे, शुभांगी गोखले, विकास कदम, रेश्मा नाईक अशी ती मंडळी. मुंबईचं साधं घर. तिथं कुणाचा खून होत नाही, कुणी कुणाची इस्टेट लुबाडत नाही. दिवसभरात घरात जे घडतं ते आबा रात्री रोजनिशीत लिहितात, एवढंच. कुणाचा तरी हट्ट, कुणाचा तरी गैरसमज, कुणाची तरी फजिती. आमच्यातल्या एका सासूनं लगेच विचारलं, "त्या घरात सासूच नाही म्हणून सगळं एवढं गोडीत चाललंय काय?" खरंच की, आबांची बायको त्या घरात दिसत नाही. हा मुद्दा आम्ही वहीत लिहून ठेवला. उत्तर अजून मिळालेलं नाही.

आम्ही मोबाइल मधोमध ठेवून काही भाग बघितले. हसलो. मग बोलत बसलो, की हसू कशाचं आलं. गोष्टीत तर काही नव्हतंच. हसू आलं ते माणसांच्या वागण्याचं. आणि एक गोष्ट आमच्या ध्यानात आली. त्या घरात हसू एकाच माणसाच्या वाट्याला येत नाही. नातवावर हसू येतं, सुनेवर येतं, कर्त्या मुलावर येतं आणि जो लिहितोय त्या आबांवरही येतं. मराठीत ही रीत जुनी आहे. चिं. वि. जोशींच्या गोष्टींतला चिमणराव स्वतःच स्वतःची फजिती सांगायचा. सत्तरच्या दशकाच्या शेवटी मुंबई दूरदर्शननं त्याची मालिका केली, तेव्हा चिमणराव झाले होते हेच प्रभावळकर, आणि गुंड्याभाऊ होते बाळ कर्वे.

आता आपल्या घरांत काय असतं ते बघा. चेष्टा वरून खाली येते. सासरा सुनेची करतो, दीर भावजयीची करतो, नणंद नव्या नवरीची करते. खालून वर गेली की तिला चेष्टा म्हणत नाहीत, उद्धटपणा म्हणतात. बाईनं मोठ्यानं हसलं तर 'दात काय काढतीस' म्हणतात. हे आमच्यातल्या प्रत्येकीनं ऐकलंय. म्हणून त्या मालिकेतलं सगळ्यात नवल आम्हाला हे वाटलं, की घरातल्या मोठ्या माणसावर घरातलीच माणसं हसतात आणि घर मोडत नाही.

मग आमच्या सचिवबाईनं एक युक्ती काढली. बैठकीचं इतिवृत्त ती लिहितेच. ती म्हणाली, हप्त्यांच्या पानानंतर एक पान आबांच्या वहीसारखं ठेवू. दर बैठकीत प्रत्येकीनं आठ दिवसांत बघितलेलं एक वागणं सांगायचं. नाव घ्यायचं नाही. पहिल्या दिवशी सगळ्या गप्प. दुसऱ्या बैठकीत उठवता उठेनात.

त्या पानातलं थोडं सांगतो. पाहुणा वसरीत बसला की कर्ता पुरुष मोठ्यानं हाक मारतो, "चहा टाक गं!" चहा तर पाहुण्याची गाडी वाजली तेव्हाच टाकलेला असतो, उकळी आलेली असते. पण हाक मारल्याशिवाय चहा होतच नाही असं त्याला वाटतं. एका घरी सासूबाई "मला भूक नाही" म्हणतात आणि ताट वाढलं की "एवढंच?" म्हणतात. एकीचा नवरा खुंटीवर समोर लटकलेला सदरा घरभर शोधतो आणि सापडला की म्हणतो, इथं कुणी ठेवला? एकीचा मुलगा पुण्याला कंपनीत लागला. दिवाळीला आला तर आईला म्हणतो, "काय करतेयस?" आई म्हणाली, "बाबा, तू कुठल्या गावचा? आपल्यात 'काय करलालीस' म्हणतात." लातूरकडं 'करलालीस', नांदेडकडं 'करायलीस', आणि पोरगं आलं 'करतेयस' घेऊन. एका घरी पोरगं लातूरला क्लासला ठेवलंय. बाप तीन वर्षांपासून सांगतोय, पोरगा डॉक्टर होणार. पोरगं म्हणतंय, मला मोबाइलचं दुकान टाकायचंय. दोघंही हे एकमेकांना सांगत नाहीत, दोघंही आईला सांगतात.

आणि एक सोयाबीनचं. हे पान आम्ही पुन्हा पुन्हा वाचतो. घरचा माणूस सोयाबीन घरात ठेवून लातूरच्या बाजाराचा भाव दिवसातून दहादा मोबाइलवर बघतो. पारावर सांगतो, हॉटेलात सांगतो, फोन करून मेहुण्याला सांगतो. भाव सगळ्या गावाला पाठ. मग एक दिवस कट्टे टेम्पोत भरतो, आडतीवर जातो, माप होतं, पट्टी होते. घरी आल्यावर बायको विचारते, किती आले? तो म्हणतो, "आले बरे." त्या 'बरे'च्या पुढं आकडा कधी येत नाही. पट्टी खिशात, खिसा सदऱ्याला, सदरा खुंटीला, आणि त्या दिवशी मात्र सदरा बरोबर सापडतो. हे सांगणारी सांगताना हसत होती आणि ऐकणाऱ्या सगळ्या हसल्या, कारण खुरपणाची मजुरी, खताची उधारी, गटाचा हप्ता हे सगळं त्याच पट्टीवर असतं आणि ती आमच्यातल्या फार थोड्या जणींनी हातात धरलेली आहे.

म्हणजे बघा, चेष्टेतून निघालं काय तर हिशोब.

इथं एक फरक सांगायला हवा. टीव्हीवर विनोद पुष्कळ आहे. 'चला हवा येऊ द्या' २०१४ साली सुरू झालं, २०१८ पासून सोनी मराठीवर 'महाराष्ट्राची हास्यजत्रा' आहे. दोन्ही कार्यक्रम आपल्या घरांत बघतात, आम्हीही पोट धरून हसलोय. हास्यजत्रेतलं आम्हाला आवडतं ते हे, की बाईचं काम बाई करते. विशाखा सुभेदार, नम्रता संभेराव, वनिता खरात, शिवाली परब या बाया त्यात नुसत्या नटून उभ्या राहिल्या नाहीत, विनोद त्यांच्या हातात राहिला. नाहीतर पुरुषानं साडी नेसायची, तोंडातून शब्द निघायच्या आधीच लोकांनी हसायचं, हे आम्ही किती बघितलं! त्यात विनोद कोणता? साडी हाच विनोद असेल तर आम्ही रोज नेसतो. तमाशातल्या गवळणीतल्या मावशीचं काम पुरुषच करतो, हे आम्हाला ठाऊक आहे. लोहा तालुक्यातल्या माळेगावच्या जत्रेला फड येतात, आमच्या घरचे पुरुष बघून येतात आणि महिनाभर मावशीची नक्कल करतात. पण चांगली मावशी वागण्या-बोलण्यानं हसवते, कृष्णाला टोमणे मारते. नुसत्या नेसण्यावर ती एक रात्रही चालणार नाही.

दुसरं खटकतं ते दिसण्यावरचं. जाड आहे, काळी आहे, दात पुढं आहेत, बुटका आहे. टीव्हीवरची माणसं पगार घेऊन हे ऐकून घेतात आणि पडदा पडला की एकत्र जेवतात. पण तेच बोलणं दुसऱ्या दिवशी आपल्या गल्लीत येतं. शाळेतून पोरगी रडत येते. मांडवात नव्या नवरीला कुणी तसं म्हणतं आणि वर सांगतं, "अगं, टीव्हीवर नाही का म्हणत, चेष्टा आहे." माणूस वागतो ते त्याच्या हातात असतं, त्याला हसलं तर तोही हसू शकतो, उद्या वेगळं वागू शकतो. रंगाला आणि हाडाला हसलं तर तिनं काय करायचं? टिपऱ्यांची मालिका एवढ्या वर्षांनी बघताना अवघडल्यासारखं होत नाही, त्याचं मोठं कारण आम्हाला हेच वाटतं.

तिसरं आपल्या बोलीचं. मराठवाड्याची बोली टीव्ही-सिनेमात बहुतेक वेळा गडी, शिपाई, नाहीतर गावाहून आलेला बावळट पाहुणा यांच्या तोंडी देतात. मकरंद अनासपुरे आपल्याच भागातले. त्यांनी ही बोली नायकाच्या तोंडी आणली, तेव्हा आपल्या पोरांना किती बरं वाटलं होतं! त्यांच्याही आधी लक्ष्मण देशपांडे होऊन गेले. औरंगाबादला विद्यापीठात नाटक शिकवायचे, २००९ साली गेले. त्यांचं 'वऱ्हाड निघालंय लंडनला' आमच्यातल्या काहींनी कॅसेटवर ऐकलंय. एकटा माणूस, बावन्न पात्रं. त्यात बाया आहेत, म्हातारे आहेत, पोरं आहेत, आणि सगळं गावच आपल्यासारखं बोलतं. गावातल्या माणसांवर हसू येतं, पण ती शहरातल्या माणसासमोर उभी केलेली बाहुली वाटत नाहीत, कारण सांगणाराही त्यातलाच वाटतो.

आणि हे सगळं टीव्हीनंच आणलं असंही नाही. पैठणच्या एकनाथ महाराजांचं भारूड आठवा. सोळाव्या शतकातलं. एक सून भवानीला रोडगा कबूल करते, आणि मागते काय? सासरा, सासू, जाऊ, नणंद यांच्यापासून सुटका! कीर्तनकार मागाहून त्याचा परमार्थाचा अर्थ सांगतात, तो आहेच. पण आधी मांडवातल्या बाया हसतात त्या का हसतात, हे कीर्तनकारालाही ठाऊक असतं. पंचमीच्या खेळातसुद्धा रुसलेल्या सुनेला आणायला एकेक जण जातो. सासरा जातो, सासू जाते, दीर जातो, आणि ती कुणाकुणाला काय म्हणते! त्या दिवशी सून सासूची नक्कल सासूसमोर करते आणि सासू फेरात हात धरून उभी असते. वर्षातून एक दिवस ही मोकळीक आपल्या आज्या-पणज्यांनी ठेवली होती. आता पंचमीला झोके कमी आणि मोबाइल जास्त.

म्हणून आम्ही ठरवलं, की वहीतल्या पानांचं एक नाटुकलं करायचं आणि पंचमीच्या दिवशी मारुतीच्या सभामंडपात दाखवायचं. पंधरा मिनिटांचं. एक घर, पाच माणसं, टिपऱ्यांसारखं. फक्त आमच्या घरात सासू ठेवली, त्या आजीच्या हट्टाखातर. तालमीत दोन गोष्टी झाल्या. एकीनं मूल नसलेल्या बाईवरचा एक चुटका आणला होता, मोबाइलवर बघितलेला. वाचून झाला आणि कुणी काही बोललं नाही. आमच्यात दोघी तशा आहेत. त्यांतली एक म्हणाली, "हे माझं वागणं नाही." तो चुटका तिथंच निघाला. दुसरं म्हणजे पट्टीचं. ते घ्यायचं का नको यावर दोन बैठका गेल्या. सभामंडपात पुरुषही येणार, जिच्या घरचं आहे तिला रात्री घरी जायचंय. हसू आपल्याला, मार तिला, असं व्हायला नको. शेवटी तिनंच सांगितलं, घ्या, पण माझ्या घरचं म्हणून नको. मग आम्ही तीन घरांचं मिळून एक केलं, भाषा चौथ्या घरची वापरली, आणि काम दिलं विधवा असलेल्या एका बाईला, जिच्या घरी रागावणारं कुणी नव्हतं.

तो दिवस चांगला गेला. "आले बरे" हे शब्द आले तेव्हा पुढं बसलेल्या बाया हसल्या आणि मग मागं उभे असलेले पुरुष एकमेकांकडं बघून हसले. प्रत्येकाला वाटलं, हे शेजारच्याचं आहे. एकजण तर घरी येऊन बायकोला म्हणाला, त्या अमक्याचं बरोबर दाखवलंत! ती गप्प बसली. तिचंच पान होतं ते.

पण सगळीकडं असं झालं नाही. चहाची हाक मारणाऱ्याचं काम जिनं केलं, तिच्या दिराला ते लागलं. गावासमोर आमची अब्रू काढली म्हणाला. दोन बैठकांना तिला येऊ दिलं नाही. हप्ता तिनं पोरीच्या हाती पाठवला, चुकवला नाही. आम्ही तिघी जणी त्यांच्या घरी गेलो, सोबत तिच्याच सासूला घेतलं, कारण सभामंडपात सगळ्यात जास्त ती हसली होती. दीर म्हणाला, बायांनी असं करायचं नसतं. सासूबाई म्हणाल्या, "अरे, तुझा बापही अशीच हाक मारायचा. मी चाळीस वर्षं हसू दाबलं." तो काही बोलला नाही. तिसऱ्या बैठकीला ती आली. अजून घरात तिच्याशी तो नीट बोलत नाही, हेही सांगायला हवं.

आणि पट्टीचं? त्या घरी यंदा तूर विकली. विकून आल्यावर पट्टी त्यानं देवळीत ठेवली, दिव्याच्या शेजारी. वाचून दाखवली नाही, सांगितलंही नाही काही. पण ठेवली. तिनं वाचली, आणि मालाचे पैसे, हमाली, तोलाई सगळं गटाच्या वहीमागं उतरवून घेतलं.

तुमच्या गटात करायचं असेल तर फार काही लागत नाही. एक वही, आणि नाव न घेण्याचा नियम. पहिलं पान स्वतःच्या वागण्याचं लिहा. आमच्या अध्यक्षबाईंनी लिहिलं होतं, की मी बैठकीत 'दोनच शब्द बोलते' म्हणून अर्धा तास बोलते. त्यानंतर बाकीच्या मोकळ्या झाल्या. ज्याचं वागणं घ्यायचं त्याच्या घरच्या बाईला आधी विचारा. आणि पंधरा मिनिटांच्या वर नको, पोरं उठून जातात.

पुढच्या महिन्यात आमचं नाटुकलं याच रेडिओवर ऐकवणार आहोत. सासूचं काम ती साठीत सही शिकलेली आजीच करणार आहे. माइकची तिला भीती नाही. ती म्हणते, मला फक्त एवढं सांगा, लाइट गेली तर परत पहिल्यापासून करायचं की राहिलं तिथून.